डिस्क उरली, वाचणारे यंत्र? प्लेस्टेशन २, 'चिप टाकलेले' कन्सोल आणि जतनाचा प्रश्न

१/ इतिहासाची साधने म्हटली की आपल्या डोळ्यांसमोर ताम्रपट येतात, बखरी येतात, दफ्तरातले रुमाल येतात. आजच्या धाग्याचा विषय या पंगतीत सहसा बसवला जात नाही. तो आहे सोनी कंपनीचे प्लेस्टेशन २ हे व्हिडिओ गेमचे कन्सोल, आणि त्यातही त्याचे बदनाम रूप. ज्याला आपल्याकडे 'चिप टाकलेला पीएस-टू' म्हणत. माझे मत आरंभीच मांडतो. मूळ डिस्कऐवजी फाइलवरून खेळ चालवू शकणारे हे जुने यंत्र आज वाचनाचे साधन झाले आहे, आणि आपल्या कायद्याने व संस्थांनी त्याला तसे मानायला हवे. धागा लांब आहे. सवडीने वाचा.

२/ हा प्रश्न आपला कसा, असे कोणी विचारील. २००९ साली हैदराबादच्या ऑरोना टेक्नॉलॉजीजने घडवलेला 'हनुमान: बॉय वॉरियर' पीएस-टूवर आला. त्याच वर्षी गेमशास्त्र या संस्थेचा 'देसी अड्डा' आला. त्यात कबड्डी होती, विटीदांडू होता, पतंगबाजी होती. २०१० साली मुंबईच्या ट्राइन गेम्सचा 'स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स' आला. २०११ मध्ये शाहरुख खानच्या 'रा.वन'वर बेतलेला खेळही याच यंत्रासाठी निघाला. भारतीय कारागिरांनी भारतीय खेळाडूंसाठी कन्सोलवर केलेल्या या पहिल्यावहिल्या रचना. विटीदांडू पडद्यावर कसा दाखवावा, गल्लीतल्या क्रिकेटचे नियम यंत्राला कसे शिकवावेत, याचा विचार कोणीतरी बसून केला होता. तो विचार त्या डिस्कवर आहे.

३/ आणि 'हनुमान'च्या बाबतीत वादही आहे. देवतेला बटणांच्या इशाऱ्यावर नाचवणे योग्य नव्हे, असा आक्षेप परदेशातील काही हिंदू पुढाऱ्यांनी तेव्हा घेतला होता. उद्या कोणी या वादावर लिहायला बसला, तर आक्षेपाची बातमी त्याला सहज सापडेल. ज्यावर आक्षेप होता ती वस्तू मात्र चालवून पाहता आली नाही, तर तो अभ्यास ऐकीव माहितीवरच उभा राहणार.

४/ आता यंत्राकडे वळू. पीएस-टू ४ मार्च २००० रोजी जपानमध्ये विक्रीस आले, त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये अमेरिकेत आणि नोव्हेंबरमध्ये युरोपात. साडेपंधरा कोटींहून अधिक नग विकले गेले. २०१३ च्या जानेवारीत जगभरातील उत्पादन थांबले. म्हणजे अगदी शेवटी बनलेले यंत्रही आज दहा वर्षांहून जुने आहे. त्याचा पहिला दुखरा अवयव म्हणजे डिस्क वाचणारा लेझर. 'लेझर गेला' हे वाक्य त्या पिढीतल्या प्रत्येक मुलाने दुरुस्तीवाल्याच्या तोंडून ऐकले असेल. नवे सुटे भाग दुर्मीळ होत चालले आहेत. डिस्क शाबूत असून यंत्र आंधळे, अशी ही अवस्था.

५/ मोडी लिपी शिकणाऱ्यांना ही अवस्था ओळखीची वाटेल. कागद आहे, शाई आहे, अक्षर स्पष्ट आहे, वाचणारा नाही. पुण्याच्या पुराभिलेखागारातील पेशवे दफ्तराची अडचण कागदांच्या टंचाईची कधीच नव्हती. जाणकार वाचक मोजके, ही ती अडचण. खेळाच्या डिस्कसाठी तो जाणकार म्हणजे कन्सोल. फरक एवढाच, की मोडी नव्याने शिकता येते. बंद पडलेला कारखाना नव्याने यंत्र देत नाही.

६/ कन्सोलला कुलूप का असते, हे समजण्यासाठी एक पाऊल मागे, पहिल्या प्लेस्टेशनकडे जाऊ. त्याच्या डिस्कवरील मार्गिकेला कारखान्यातच एक सूक्ष्म डोल दिलेला असे आणि त्या डोलात चार अक्षरे सांकेतिक रूपाने दडवलेली असत. जपानसाठी एक अक्षरसमूह, अमेरिकेसाठी दुसरा, युरोपसाठी तिसरा. घरगुती सीडी रायटरला तो डोल काढता येत नसे. म्हणून नक्कल केलेली डिस्क चालत नसे, आणि जपानमध्ये पैसे मोजून घेतलेली अस्सल डिस्कसुद्धा युरोपातल्या यंत्रावर चालत नसे. 'मॉडचिप' नावाची ती बदनाम चिप फार काही करत नव्हती. योग्य क्षणी ती चार अक्षरे यंत्राच्या कानात सांगत होती, इतकेच.

७/ एकाच कुलपात दोन हेतू गुंफलेले होते, हे ध्यानात ठेवा: चोरी रोखणे आणि बाजारपेठा वेगळ्या ठेवणे. पहिल्या हेतूबद्दल मला आदर आहे. दुसरा निव्वळ व्यापारी सोयीचा होता. पुढचे सगळे खटले या गुंत्यावर अडले.

८/ त्यातला ऑस्ट्रेलियाचा खटला इतिहासप्रेमींनी जरूर अभ्यासावा. सिडनीतील स्टीव्हन्स नावाच्या एका गृहस्थाने प्लेस्टेशनला चिप बसवून दिल्या. सोनीने त्याच्यावर दावा लावला. प्रकरण थेट तिथल्या सर्वोच्च स्तरावरील हायकोर्टात पोहोचले आणि ६ ऑक्टोबर २००५ रोजी निकाल स्टीव्हन्सच्या बाजूने लागला. न्यायालयाचा युक्तिवाद काटेकोर होता. हे कुलूप नक्कल करण्याला रोखत नाही. आधीच झालेली नक्कल चालवण्याला रोखते. कायद्याने संरक्षण दिले आहे ते पहिल्या प्रकारच्या उपायाला. मग चिप बेकायदा कशी? निकाल एकमताचा होता. पण दुसऱ्याच वर्षी ऑस्ट्रेलियाने कायदा दुरुस्त करून ही वाट पुष्कळशी बंद केली. कोर्टात जिंकलेली बाजू संसदेत हरते, याचे इतके स्वच्छ उदाहरण क्वचित मिळेल.

९/ पीएस-टूच्या काळात चिपशिवायही कुलूप उघडू लागले. २००३ साली जी पहिली मोठी फट सापडली तिचे मूळ मजेशीर आहे. जुन्या प्लेस्टेशनची डिस्क घातली, की पीएस-टू मेमरी कार्डावरील एक छोटी यादीवजा फाइल वाचून पाहत असे. त्या यादीत अपेक्षेपेक्षा लांब मजकूर भरला, की यंत्राचा ताबा सुटून तो आपल्या प्रोग्रॅमकडे जाई. पूर्वजांचा मान राखायला ठेवलेल्या दारातूनच पाहुणे आत शिरले म्हणायचे.

१०/ त्यानंतर २००८ च्या सुमारास 'फ्री एमसी बूट' आले. सुरू होताना पीएस-टू मेमरी कार्डावर प्रणालीची सुधारित आवृत्ती ठेवली आहे का, हे तपासून पाहते. ही सोय सोनीने स्वतःसाठी ठेवली होती. त्या जागी आपला प्रोग्रॅम ठेवण्याची युक्ती साधली. तो प्रोग्रॅम ज्या त्या कार्डाच्या गुप्त किल्लीशी बांधावा लागतो, म्हणून एका कार्डावरची फाइल नुसती उचलून दुसऱ्यावर टाकली तर चालत नाही. यंत्र उघडायचे नाही, डाग द्यायचा नाही. एक कार्ड खोचायचे. अगदी शेवटच्या मालिकेतील काही यंत्रांत मात्र ही सोय सोनीने काढून टाकली. जून २०२० मध्ये 'सी-टर्ट' या टोपणनावाच्या संशोधकाने डीव्हीडी चित्रपट दाखवणाऱ्या भागातली फट उघड केली आणि अनेक यंत्रांवर साध्या रायटरने लिहिलेली डिस्कही पुरेशी ठरली. यंत्र बाजारात येऊन तेव्हा वीस वर्षे झाली होती!

११/ या उद्योगाला सरसकट घरफोडी म्हणणाऱ्यांना सोनीचाच इतिहास दाखवावासा वाटतो. युरोपात विकलेल्या सुरुवातीच्या पीएस-टूसोबत 'याबेसिक' ही प्रोग्रॅम लिहिण्याची भाषा दिलेली असे. हे यंत्र खेळणे नसून संगणक आहे असे ठरावे आणि आयातशुल्क वाचावे, हा त्यामागचा हेतू होता असे मानले जाते. पुढे २००२ मध्ये सोनीने ४० जीबीची हार्ड डिस्क, कीबोर्ड आणि माउस यांसह लिनक्सचा अधिकृत संच विकला. २००३ मध्ये अमेरिकेतील इलिनॉय विद्यापीठाच्या संगणन केंद्राने सुमारे ७० पीएस-टू एकत्र जोडून महासंगणक उभारला. जकात अधिकाऱ्यासमोर संगणक आणि ग्राहकासमोर कुलूपबंद पेटी, ही दुटप्पी भूमिका मला तेव्हाही पटण्यासारखी नव्हती, आजही नाही. गंमत म्हणजे पुढे त्या याबेसिकमध्येही एक फट सापडली.

१२/ फाइलवरून खेळ चालतो कसा? 'ओपन पीएस-टू लोडर' हा प्रोग्रॅम आज सर्वांत रूढ आहे. पीएस-टूमध्ये दोन प्रोसेसर आहेत. मुख्य प्रोसेसर खेळ चालवतो. दुसरा, जो पहिल्या प्लेस्टेशनचाच वारसा आहे, तो डिस्क, कार्ड, कंट्रोलर यांची ये-जा सांभाळतो. खेळाला डिस्कवरून काही हवे असले, की तो या दुसऱ्याकडे मागणी करतो. लोडर या दुसऱ्या प्रोसेसरवरचा डिस्क सांभाळणारा कारकून बदलतो. नवा कारकून मागणी ऐकतो आणि हवा तो मजकूर यूएसबी, हार्ड डिस्क किंवा नेटवर्कवरील संगणकातून आणून देतो. खेळाला आपण डिस्कवरच आहोत असे वाटत राहते.

१३/ इथे साधनचिकित्सा सुरू होते, आणि माझ्या मते या विषयातला हा सर्वांत रसाळ भाग आहे. पीएस-टूचा यूएसबी जुन्या १.१ प्रतीचा, सेकंदाला जास्तीत जास्त दीड मेगाबाइट. डिस्कचा ड्राइव्ह मात्र सेकंदाला पाच मेगाबाइटच्या पुढे जातो. परिणामी यूएसबीवरून चालवलेल्या खेळातली चित्रफीत अडखळते, आवाज तुटतो. ते पाहून कोणी 'हा खेळ मुळातच कच्चा होता' असे लिहिले, तर त्याने नकलनविसाची चूक मूळ लेखकाच्या माथी मारली. फॅट-३२ पद्धतीच्या पेनड्राइव्हवर ४ जीबीहून मोठी फाइल बसत नाही, म्हणून डीव्हीडीची फाइल तोडून ठेवतात. काही खेळांसाठी लोडरमध्ये विशेष कळी फिरवाव्या लागतात. निरीक्षण नोंदवताना कोणते यंत्र, कोणते माध्यम, कोणती कळ, हे लिहिले नाही तर ते निरीक्षण अर्धवट. जाड बांधणीच्या जुन्या पीएस-टूत हार्ड डिस्क आतच बसते आणि तिच्यावरचा अनुभव पुष्कळच मूळाजवळ जातो. अभ्यासकाने तेच यंत्र शोधावे.

१४/ 'संगणकावर एम्युलेटर असताना एवढा खटाटोप कशाला?' हा प्रश्न हमखास येतो. पीसीएसएक्स-२ हा एम्युलेटर २००२ पासून विकसित होतो आहे आणि तो उत्तम आहे. पण त्याला लागणारी बायोस फाइल स्वतःच्या कन्सोलमधूनच काढावी लागते, आणि ती काढायला कन्सोल आधी उघडलेला हवा. शिवाय एम्युलेटर बरोबर वागतो आहे की नाही, हे कशाशी ताडून पाहणार? अस्सल यंत्राशीच. पीएस-टूच्या कंट्रोलरवरील बटणे दाबाचा जोर ओळखत. हलके दाबले तर एक परिणाम, जोरात दाबले तर दुसरा. साध्या आधुनिक कंट्रोलरवर ती सूक्ष्मता नाहीशी होते. भाषांतर कितीही चांगले असो, मूळ संहिता जपावी लागते.

१५/ मेमरी कार्डाचाही विचार करा. ८ एमबीचे ते इवले कार्ड. त्यावर कोणाच्या तरी भावाने, बहिणीने अर्धवट सोडलेला खेळ पंधरा वर्षे तसाच पडून असेल. उघडलेल्या कन्सोलवर 'यूलॉन्चएल्फ' सारख्या प्रोग्रॅमने त्या नोंदी पेनड्राइव्हवर उतरवता येतात. कौटुंबिक पत्रव्यवहार जपणाऱ्यांना याचे मोल वेगळे सांगायला नको.

१६/ आता नाण्याची काळी बाजू. आपल्या शहरांत पीएस-टूला चिप टाकून घेणाऱ्यांपैकी कितीजणांच्या मनात जतनाचा विचार होता? जवळजवळ कोणाच्याच नाही. अस्सल डिस्क महाग होती, फुटपाथवरची नक्कल स्वस्त होती, हिशेब तेवढाच. ज्या भारतीय खेळांचे गोडवे वर गायले, त्यांनाही याच बाजारात उभे राहावे लागले. आज हार्ड डिस्कवर शेकडो खेळ भरून ती विकणारा माणूस स्वतःला संग्राहक म्हणवतो, त्याला मी संग्राहक मानत नाही. दुसऱ्याच्या श्रमावर केलेला तो धंदा आहे. 'जतन' हा शब्द त्याच्या तोंडी शोभत नाही.

१७/ तरीही इतिहास अवघड प्रश्न विचारतो. 'आलम आरा' हा १९३१ चा पहिला भारतीय बोलपट मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात झळकला आणि आज त्याची एकही प्रत ज्ञात नाही. त्या काळी निर्मात्यांना प्रत जपण्याची गरज वाटली नाही आणि इतर कोणाचे ते काम नव्हते. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली उभे राहिले. पी. के. नायर यांनी पुढे आयुष्य वेचून जे मिळेल ते गोळा केले. फाळक्यांच्या चित्रपटांचे अवशेष त्यातलेच. पण पहिल्या बोलपटाला फार उशीर झाला होता. हक्कदार जपतीलच, या गृहीतकाची किंमत आपण एकदा मोजून बसलो आहोत.

१८/ खेळांच्या बाबतीत ते गृहीतक तपासून पाहिले गेले आहे. अमेरिकेतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात असे आढळले, की २०१० पूर्वी अमेरिकेत निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के आज बाजारात विकत मिळत नाहीत. ग्रंथालयांनी असे खेळ संशोधकांना दूरस्थपणे दाखवावेत यासाठी सवलत मागितली गेली. ऑक्टोबर २०२४ मध्ये तिथल्या कॉपीराइट कार्यालयाच्या शिफारशीवरून ती नाकारली गेली. पुस्तक घरबसल्या वाचता येते, चित्रपट पाहता येतो. खेळासाठी मात्र संशोधकाने विमान पकडून त्या इमारतीत जावे.

१९/ आपला कायदा काय म्हणतो? १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात २०१२ साली कलम ६५-अ आले. डिजिटल कुलूप तोडणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. मात्र हक्कभंगाचा हेतू असला तरच. हा शब्द मोलाचा आहे, अमेरिकेच्या कायद्यापेक्षा आपला इथे शहाणा आहे. शिवाय कायद्याने स्पष्टपणे निषिद्ध न केलेल्या कारणासाठी दुसऱ्याला कुलूप तोडायला मदत केली, तर मदत करणाऱ्याने त्या माणसाचे नाव, पत्ता आणि प्रयोजन यांची नोंद ठेवावी असेही त्यात आहे. म्हणजे चिप बसवणाऱ्या कारागिराने वही ठेवायची! अशी एखादी वही पुढेमागे संशोधकाच्या हाती लागली, तर मौजेचे साधन होईल.

२०/ कलम ५२ अन्वये, संगणक प्रोग्रॅमची प्रत ज्याच्याकडे कायदेशीररीत्या आहे त्याला हानीपासून संरक्षण म्हणून राखीव प्रत काढता येते. स्वतःच्या डिस्कची फाइल काढण्यामागे हा आधार आहे, असे मी मानतो. पण याच कलमातली ग्रंथालयांसाठीची सवलत वाचा. सार्वजनिक, ना-नफा ग्रंथालयाने जतनासाठी इलेक्ट्रॉनिक प्रत ठेवावी, पण केव्हा? त्याच्याकडे त्या कृतीची आधीच बिगर-डिजिटल प्रत असेल तर. पोथी असेल तर स्कॅन करा. जी कृती जन्मतःच डिजिटल आहे तिची बिगर-डिजिटल प्रत आणायची कुठून?

२१/ ही त्रुटी द्वेषातून आलेली नाही. कायदा लिहिणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर पुस्तक होते, एवढेच. १९५४ च्या ग्रंथ-प्रदान कायद्याने प्रत्येक प्रकाशकाला आपल्या पुस्तकाच्या प्रती मुंबईच्या मध्यवर्ती ग्रंथालयासह ठरावीक ग्रंथालयांना द्याव्या लागतात. एखादा टुकार कवितासंग्रहही त्यामुळे कुठल्यातरी कपाटात सुरक्षित असतो. मुंबईतच घडलेल्या 'स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स'ची डिस्क मात्र त्याच शहरातल्या ग्रंथालयात देण्याची सक्ती कोणावर नव्हती. कलम ५२ मधला तो 'बिगर-डिजिटल' शब्द वगळा, ग्रंथालयाला राखीव प्रत आणि ती चालवणारे यंत्र दोन्ही ठेवू द्या, इमारतीच्या आत अभ्यासकाला चालवून पाहू द्या. हक्कदाराचा एक रुपयाही त्यात बुडत नाही.

२२/ वि. का. राजवाडे गावोगाव हिंडून दफ्तरे मिळवत. १८९८ मध्ये 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने'चा पहिला खंड निघाला, तेव्हा अशा कागदांना जपण्याजोगे मानणारे लोक थोडेच होते. खेळांच्या डिस्क नेमक्या त्या टप्प्यावर आहेत. माळ्यावर, जुन्या बॅगेत, रद्दीच्या ढिगाशेजारी.

२३/ तेव्हा तुमच्यापैकी कोणाच्या घरी पीएस-टूचे भारतीय खेळ असतील तर एवढे करा. डिस्कच्या आतल्या कड्यावर कोरलेला क्रमांक वाचता येईल असे छायाचित्र घ्या. डब्याचे मुखपृष्ठ, मलपृष्ठ आणि पुस्तिकेचे प्रत्येक पान स्कॅन करा. पीएस-टूची डीव्हीडी संगणकाच्या साध्या ड्राइव्हवरही वाचली जाते. तिची आयएसओ फाइल काढून चेकसमसह दोन ठिकाणी ठेवा. ती फाइल इथे टाकू नका, कोणाला वाटूही नका. चेकसमचा आकडा मात्र जरूर लिहा. दोघांचे आकडे जुळले तर प्रत शुद्ध. न जुळले आणि दोन्ही डिस्क निर्दोष असल्या, तर कदाचित दोन वेगळ्या आवृत्त्या हाती लागल्या, आणि मग पाठभेद पाहायचे.

२४/ 'देसी अड्डा'ची पुस्तिका कोणाकडे असेल तर आधी ती. विटीदांडूचे नियम त्यात कोणत्या शब्दांत छापले आहेत, ते मला पाहायचे आहे.